घाटात न मारलेला ब्रेक

फोंडा घाट उतरून बाजारात चहाला थांबलो, तेव्हा काका दुकानाकडे न जाता गाडीभोवती फिरले. पुढच्या चाकाशी वाकून त्यांनी रिमसमोर पंजा धरला आणि लगेच मागे घेतला. मग मागच्या चाकाशी गेले. तिथे पंजा बराच वेळ धरून ठेवला, मग दोन बोटं आत घालून ब्रेकच्या डिस्कच्या, म्हणजे चाकाबरोबर फिरणाऱ्या तबकडीच्या, कडेला टेकवली. बोटांना लागलेली तांबूस पूड लेंग्याला पुसत म्हणाले, "ह्यां मागलां चाक थंड आसा रे. कोमट तरी होवक व्हयां." बस, एवढंच. मग चहा झाला, भजी झाली, कोल्हापूरच्या डॉक्टरच्या फीवर चर्चा झाली. डोळे तपासताना घातलेल्या थेंबांमुळे काकांना दिवसभर सगळं धुरकट दिसत होतं. दुकानावरची पाटीही त्यांनी मला वाचायला लावली होती. पाटी न दिसणाऱ्या माणसाने माझ्या गाडीचा मी कधीच न पाहिलेला भाग दोन बोटांनी पाहिला, हे मला नांदगाव तिठ्यापर्यंत टोचत राहिलं, आणि तिठ्यानंतर जास्तच. कारण तिथून पुढे मी प्रत्येक वळणावर ब्रेक दाबून बघत होतो आणि गाडी प्रत्येक वेळी नीट थांबत होती. मला तरी त्यात काही कमी जाणवत नव्हतं.

काका एस.टी.चे ड्रायव्हर. निवृत्त होऊन जमाना झाला, पण गावात ओळख अजून तीच. उमेदीची वर्षं त्यांनी देवगड–कोल्हापूर गाडीवर काढली. देवगड, नांदगाव, फोंडा, घाट, दाजीपूर, राधानगरी, आणि मग तोच रस्ता उलटा. त्यांच्या बहुतेक गोष्टी घाटमाथ्यावर सुरू होतात आणि पायथ्याशी संपतात, आणि गोष्टीतल्या नायकाने मधे ब्रेक मारलेला नसतो. पावसात, धुक्यात, समोर गवा उभा असताना, आरटीओचे साहेब पहिल्या सीटवर बसलेले असताना. "ज्या गिअरात चढवलंस त्याच गिअरात उतरव." घाटभर ब्रेकवर पाय ठेवून बसणारा ड्रायव्हर त्यांच्या लेखी ड्रायव्हरच नव्हे. ब्रेकचं लायनर जळल्याचा वास हा त्यांच्या शब्दकोशात अपमान आहे. "वास इलो म्हंजे ड्रायव्हर गेलो."

हा म्हातारपणाचा हेका नाही. मी एकदा हिशोब मांडून बघितला. माझी गाडी माणसांसकट चौदाशे किलोची धरली आणि उतार सरळ ५०० मीटरांचा धरला, तर खाली येईपर्यंत जी ऊर्जा कुठेतरी जिरवावी लागते तिच्यावर वीस लिटर पाण्याला आधण येईल. न्हाणीघरातला मोठा हंडाभर पाणी. माणसांनी भरलेली एस.टी. साधारण दहा हंडे घेऊन उतरते. इंजिनाने त्यातलं काही घेतलं नाही तर ते सगळं चाकातल्या ब्रेकच्या ड्रममध्ये जातं. ड्रम तापून पसरतो, त्याला आतून घासणाऱ्या लायनरची पकड सुटते, आणि पाय पेडलवर असूनही गाडी थांबत नाही. दोन हातांनी फिरवायचं स्टीअरिंग, मागे पन्नास माणसं, टपावर आंब्याच्या पेट्या. त्या माणसाने ब्रेक न मारण्याची कला केली यात नवल नाही. त्या कलेवर तो आणि पन्नास माणसं रोज घरी पोचत होती.

मी गाडी शिकलो मुंबईत, पण चालवायला शिकलो काकांच्या शेजारी बसून. गावात कायमचा राहायला आलो तेव्हा ही क्रॉसओव्हर घेतली. दिसायला जीप, चालायला मोटार. वाडीतल्या रस्त्याला पोट घासू नये एवढी उंच. शोरूममधल्या मुलाने 'चारही चाकांना डिस्क, सर' हे वाक्य अशा थाटात म्हटलं होतं की मीही मान डोलावली. पण काकांच्या शिकवणीने उतार दिसला की माझा हात आपोआप गिअरवर जातो. वाडीतून बाजारात, बाजारातून बंदरावर, आणि उरलेला वेळ गाडी माडाच्या झावळांच्या शेडखाली उभी. पावसाळ्यात तर आठवडेच्या आठवडे. मी हळू चालवतो, जपून चालवतो, आणि त्याचा मला थोडा अभिमानही होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी बॅटरी घेऊन मागच्या चाकाशी आडवा झालो. बाहेरून बघितलं तर मधे बोटभर रुंदीचा चकचकीत पट्टा, त्याच्या दोन्ही बाजूंना तपकिरी कडा. इतपत मी आधीही पाहिलं असणार, पाहून सोडून दिलं असणार. आतली बाजू बघायला मात्र मान गाडीखाली घालावी लागली. आतल्या अंगाला चकाकी अशी नव्हतीच. जांभ्याच्या चिऱ्यासारखी भोकाभोकांची, खपल्या सुटलेली, हात लावला तर गळून पडणारी पाठ. धूळ-चिखल अडवायला मागे जो पत्रा असतो त्याने पावसाचं पाणीही आतच धरून ठेवलं होतं. नवी डिस्क १० मिलिमीटर जाड असते, माझ्या डिस्कच्या कडेवर कंपनीने किमान जाडी ८ कोरली होती. गंमत म्हणजे व्हर्निअर लावला तेव्हा माप ८ च्या बरंच वर भरलं. डिस्क झिजलीच नव्हती. ती कुजली होती.

ब्रेक मारला की गाडीचं वजन पुढे झुकतं, मागची चाकं हलकी होतात. त्यामुळे थांबवण्याचं दोन-तृतीयांशाहून जास्त काम पुढचे ब्रेक करतात, मागच्यांच्या वाट्याला उरलंसुरलं येतं. रात्रीच्या दवाने डिस्कवर जो पातळ तांबूस थर येतो तो सकाळच्या पहिल्या चार ब्रेकांत पुसला जातो. त्याची काळजी नसते. पण पुसायलाच कुणी आलं नाही तर थर जाड होतो, डिस्कला चिमटणारं पॅड त्या उंचवट्यावर चढून बसतं, बाजूचा भाग पॅडपासून सुटतो, तिथे अजून गंज चढतो. चकचकीत पट्टा वर्षागणिक अरुंद होत जातो. आणि हे सगळं होत असताना पुढचे दोन ब्रेक बिनतक्रार गाडी थांबवत असतात, म्हणून चालवणाऱ्याला पत्ता लागत नाही. ज्या दिवशी लागतो तो दिवस बहुधा पावसाळी रस्त्यावरचा असतो.

आपल्याकडच्या हवेला लोखंडाशी काय वैर आहे कोण जाणे, असं आई म्हणायची. वैर साधं आहे. हवेतली आर्द्रता साधारण ७५ टक्क्यांच्या वर गेली की मीठ हवेतलं पाणी ओढून घेतं आणि त्यातच विरघळतं. पावसाळ्यात स्वयंपाकघरातल्या मिठाच्या बरणीला पाणी सुटतं ते हेच. समुद्रावरून येणारा वारा हेच मीठ डोळ्यांना न दिसेल इतकं बारीक करून खिडकीच्या गजांवर, पंख्याच्या पात्यांवर, गेटवर, गाडीच्या पोटाखाली पसरून ठेवतो. मग ऊन असो नसो, लोखंडावर कायम खारट ओल. त्यात आम्ही हौसेने भर घालतो. पाहुणे आले की दाभोळला किंवा जयगडला फेरीबोटीत गाडी घालायची, चढताना उतरताना चाकं खाऱ्या पाण्यात बुडवून घ्यायची. पर्यटक तर गाडी थेट पुळणीत घालून लाटांसोबत फोटो काढतात आणि रात्री हॉटेलवर जाऊन झोपतात. गोड्या पाण्याची एक बादली चाकांवर मारावी हे कुणाला सुचत नाही. सांगितलं तर आपल्याकडे बघून हसतात.

आमचं हे घर माझ्या लहानपणी वर्षाचे अकरा महिने बंद असायचं. मे महिन्यात मुंबईहून रात्रभर एस.टी.त आंबून यायचो आणि पहिला अर्धा तास सगळे पायरीवर बसून असायचो, कारण कुलूप उघडत नसे. बाबा त्यात घासलेट ओतायचे, किल्ली घालून कुलपाशी हळू आवाजात बोलायचे, मग मोठ्या आवाजात बोलायचे. एका वर्षी किल्लीच आत मोडली. तेव्हा हेच काका पलीकडच्या खळ्यातून, म्हणजे अंगणातून, हातोडा घेऊन आले, एका घावात कुलूप खाली पाडलं आणि बाबांना म्हणाले, "नव्या कुलपाची एक किल्ली माझ्याकडे ठेव. म्हयन्यातून एकदा मी फिरवतंय." त्यानंतर आम्हाला पायरीवर कधी बसावं लागलं नाही. ड्यूटीवरून आले की खाकी कपड्यांतच ते आमच्या दाराशी येत, कुलूप उघडत, लावत, आणि घरी जात. आत पाऊल टाकत नसत, असं काकी सांगते.

हे मला त्या सकाळी गाडीखाली आडवं पडल्या पडल्या आठवलं, आणि काकांशी भांडायला मुद्दा मिळाला.

गाडी कंपनीच्या सेंटरवर का नेली नाहीस, हे मला सगळ्यांनी विचारलं. नेणार होतो. पण तिथे दसऱ्यानंतरची तारीख मिळत होती, गाडी चार दिवस ठेवून जा म्हणाले, आणि फोनवरच्या मुलीने मागच्या डिस्कसोबत पुढच्या डिस्क, पॅड, पॅड दाबणारे कॅलिपर, सगळंच बदलावं लागेल असं गाडी न बघता सांगितलं. दुसरं खरं कारण असं की ब्रेक ही आयुष्यभर दुसऱ्यांनी बसवलेली आणि आपण डोळे झाकून पाय ठेवलेली वस्तू. ती एकदा उघडून बघावी असं त्या दोन बोटांनी माझ्या मनात भरवलं होतं. डिस्क आणि पॅड कोल्हापूरहून मागवले. खोक्यातून डिस्क काढल्यावर तेलाचा वास आला आणि काका म्हणाले, "बीड." डिस्क पोलादाची नसते, बिडाची असते. बिडात कार्बन पापुद्र्यांच्या रूपात असतो, तो उष्णता पटकन वाहून नेतो आणि थरथर गिळतो, म्हणून गाड्यांना तेच घालतात. मोटारसायकलची डिस्क सर्वांना दिसते, म्हणून ती न गंजणाऱ्या पोलादाची. गाडीची चाकाआड असते, तिने गंजलं तरी चालतं. शिरोली, गोकुळ शिरगावच्या फाउंड्र्यांमधून गाड्यांसाठी असलं ओतकाम कितीतरी निघतं. माझी डिस्क तिथलीच होती असं नाही म्हणत, पण घाटावर कोरड्या हवेत ओतलेलं बीड घाट उतरून खाली कुजायला येतं, हे चित्र काही डोळ्यांसमोरून जाईना.

मागच्या ब्रेकचं काम करताना एक पेच असतो जो पुढच्या ब्रेकला नसतो. हँडब्रेक मागच्या चाकांनाच लागतो, आणि काम करायचं तर तो सोडावा लागतो. म्हणजे जॅकवर उचललेली गाडी हँडब्रेकशिवाय उभी करायची. गाडी पहिल्या गिअरमध्ये टाकली, पुढची चाकं त्यामुळे अडली, वर त्यांना दोन्ही बाजूंनी चिऱ्याचे तुकडे लावले. खळं शेणाने सारवलेलं, त्यात जॅक रुतला असता. म्हणून गाडी गेटजवळच्या सिमेंटवर घेतली आणि जॅकखाली फणसाची जाड फळी ठेवली. नट आधी जमिनीवरच सैल केले, मग गाडी उचलली, मग जॅकस्टँड, आणि काढलेलं चाक गाडीखाली आडवं सरकवून ठेवलं. स्टँड निसटलाच तर गाडी चाकावर बसेल, माझ्यावर नाही. काका खुर्ची टाकून बसले होते. या सगळ्या तयारीला त्यांनी एकदाही नाव ठेवलं नाही. चिरा मात्र उठून स्वतः लाथेने घट्ट बसवला.

कॅलिपरचे दोन बोल्ट सुटले. वरची पिन बोटाने सरकत होती, खालची जणू वितळून तिथेच थिजली होती. ती सरकत नाही तोवर कॅलिपर सरकत नाही, आणि कॅलिपर सरकत नाही तोवर दोन्हीपैकी एका पॅडने डिस्कला धरल्यासारखं केलं तरी त्यात दम नसतो. पॅडचे कान ब्रॅकेटमध्ये गंजून अडकले होते, ते हातोडीने ठोकून काढले. कॅलिपर तारेने स्प्रिंगला टांगला, कारण तो रबरी नळीवर लोंबू दिला की नळी आतून फाटते आणि बाहेरून काही दिसत नाही. मग ब्रॅकेटचे बोल्ट. त्यांना आदल्या रात्रीपासून गंजतेल पाजलं होतं, तरी पान्यावर पाईप घालून उभं राहावं लागलं. बोल्ट सुटताना जो आवाज येतो त्याने आधी छातीत धस्स होतं, कारण मोडल्याचा आवाजही तसाच असतो.

आणि डिस्क निघेना. समोरचा छोटा स्क्रू ठोकणी मारून काढला तरी निघेना. चाक ज्यावर बसतं त्या हबला ती अशी चिकटली होती की दोघं एकाच ओतकामातून निघाले असावेत. डिस्कला दोन आट्यांची भोकं असतात, त्यांत बोल्ट फिरवत नेला की तो मागच्या हबला रेटून डिस्क सुटी करतो. एकही बोल्ट मोडला नाही हे नशीब. मग घण. दोन स्टडच्या मधे एक घाव, डिस्क थोडी फिरवायची, पुन्हा घाव. त्या आवाजाने वाडी जमा झाली. माडावरून कावळे उठले ते उठले, पण खालच्या आळीतून माणसंही आली. कुणी विचारलं, गाडी विकायला काढलीस का. कुणी म्हणालं, मोडायला काढलीय. एका आजीबाईंनी काकांना सुचवलं की आधी देवाक गाऱ्हाणा घालूक व्हया हुता. काकांनी खुर्चीत बसल्या बसल्याच हात जोडून सुरू केलं, "बा देवा म्हाराजा, ह्या झिलान आज ज्या काय काम काढल्यान..." आणि जमलेल्या सगळ्यांनी "व्हय म्हाराजा" केलं. चेष्टा होती की खरं, ते मला अजून ठरवता आलेलं नाही. काकांचे डोळे मिटलेले होते. त्यानंतर किती घावांनी डिस्क निघाली हे मी मोजलं नाही. निघाली तेव्हा तिच्याबरोबर मूठभर लाल पूड सिमेंटवर सांडली आणि काकांनी ओरडून सगळ्यांना मागे सरकवलं. डेपोत ते कॉम्प्रेसरच्या हवेने ड्रम साफ करायचे, नाकाला काही न बांधता. त्या काळी लायनरमध्ये ॲस्बेस्टॉस असायचं. आता बहुधा नसतं, पण ब्रेकची पूड फुंकायची नाही हे त्यांना निवृत्तीनंतर कुणीतरी सांगितलं आणि ते त्यांच्या मनात बसलंय. ओल्या फडक्याने पुसायला लावलं.

यानंतरचं काम वेळखाऊ आणि मुकाट्याने करायचं. हबच्या तोंडावरचा गंज तारेच्या ब्रशने खरवडून धातूपर्यंत जावं लागतं. तिथे केसाएवढी खपली राहिली तर डिस्क तेवढी तिरकी बसते आणि पुढे कित्येक महिने ब्रेक मारताना पेडल पायाला गुदगुल्या करत राहतं. नव्या डिस्कवरचं तेल पुसून काढायचं, पिनांना रबराला चालणारं ग्रीस. मग पॅडला रेटणारा पिस्टन. हाताच्या हँडब्रेकचा मागचा पिस्टन नुसता रेटून आत जात नाही, फिरवत फिरवत न्यावा लागतो. रेटला तर आतली यंत्रणा मोडते. त्यासाठी छोटं हत्यार मिळतं ते मागवलं होतं. पिस्टन आत जाताना पुढे बॉनेटखाली टाकीतलं ब्रेक ऑइल वर चढतं, त्याकडे लक्ष ठेवायला काकांना उभं केलं. त्यांना धुरकट दिसत नव्हतं आता, पण सवयीने ते बोट बुडवून पातळी बघायला निघाले. मी ओरडलो. ते ऑइल रंग खातं आणि हवेतलं पाणी पितं, त्याचं झाकण उघडं ठेवणंही वाईट. "आमच्या ब्रेकाक हवा हुती," काका तुटकपणे म्हणाले, "असला तेल नाय हुता."

तिथे आमचं भांडण झालं. भांडण म्हणजे काय, त्यांनी जुनी डिस्क मांडीवर घेतली, अंगठ्याने तिची पाठ चाचपली आणि म्हणाले की हल्लीचा माल बोगस. मी म्हटलं, माल चांगला होता काका, ब्रेक मारला नाही म्हणून गेला. ते म्हणाले, ब्रेक मारला नाही म्हणून ब्रेक कसा जाईल? ब्रेक मारून जातो. माझ्या चाळीस वर्षांत न मारून गेलेला ब्रेक मी बघितला नाही. मी म्हटलं, तुमची गाडी रोज शंभर कोस धावायची, प्रत्येक थांब्यावर थांबायची, माणसांनी भरलेली असायची. तुम्ही घाटात नाही मारला तरी दिवसभरात हजारदा मारलात. माझी गाडी तीन दिवस उभी असते आणि चौथ्या दिवशी मी ती तुमच्या पद्धतीने चालवतो. मग मी कुलपाचं काढलं. महिन्यातून एकदा फिरवायचात ना? काका बराच वेळ डिस्क फिरवत राहिले. मला वाटलं पटलं. ते म्हणाले, "कुलपाची गोष्ट येगळी. कुलूप घाटात जाणा नाय."

आणि खरं सांगायचं तर त्यांचं चुकत नव्हतं. दोन बरोबर गोष्टी एकाच गाडीत बसत नव्हत्या. घाटात ब्रेक वाचवायचा आणि सड्यावर, म्हणजे माथ्यावरच्या सपाट माळावर, तो खर्च करायचा, हे एकाच पायाला शिकवायचं म्हणजे अवघड. मला त्या वेळी जिंकल्यासारखं वाटायला हवं होतं, ते वाटलं नाही. उलट ज्या माणसाने मला उतार उतरायला शिकवलं त्याला मी त्याच्या आयुष्यातली सगळ्यात मोठी गोष्ट कधीकधी नुकसानीची असते असं सुनावलं होतं, तेही त्याच्याच खुर्चीसमोर, हातात त्याचाच घण घेऊन. काकीने चहा आणून ठेवला तो दोघांनी वेगवेगळ्या दिशेला बघत घेतला.

दुसरं चाक लवकर झालं. हात बसला होता, आणि तिकडची पिनही जाम नव्हती. डिस्क नेहमी जोडीने बदलतात, एकच बदलली तर गाडी ब्रेक मारताना एका बाजूला ओढते. नट आवळायचं काम काकांनी मागून घेतलं. पाना असा रेटला की मानेच्या शिरा दिसल्या. नंतर मी ठरलेला जोर भरला की वाजणारा टॉर्क रेंच लावला, माझ्या गाडीला ११० न्यूटन-मीटर, तर नट जागचा न हलता रेंच लगेच 'टक' वाजला. म्हणजे गरजेपेक्षा जास्त आवळला होता. बसच्या नटांची सवय. मी सगळे सैल करून पुन्हा आवळले, एका आड एक, आणि ते ते बघत होते. दोघंही काही बोललो नाही, पण काकी आतून हसली. मग गाडी सुरू करण्याआधी पेडल. पहिल्यांदा ते जमिनीपर्यंत गेलं, कारण पिस्टन मागे गेलेला असतो आणि पॅड दूर असतात. हे माहीत असूनही पोटात खड्डा पडतो. चार-पाच वेळा मारल्यावर पायाखाली काहीतरी टणक आलं.

दसऱ्याला गाडी विहिरीच्या पाण्याने धुतली. दरवर्षी बॉनेटला झेंडूची माळ घालतो. या वर्षी काकीने उरलेली फुलं मागच्या दोन चाकांच्या नटांवर खोचली. खंडेनवमीला टॉर्क रेंचलाही हळदकुंकू लागलं होतं, पान्यांच्या रांगेत, हातोड्याच्या शेजारी.

नवे पॅड आणि नवी डिस्क यांची ओळख करून द्यावी लागते. मोकळा रस्ता बघून पन्नासच्या वेगावरून दहापर्यंत दमाने ब्रेक मारायचा, पूर्ण थांबायचं नाही, पुन्हा वेग घ्यायचा, पुन्हा मारायचा, असं वीसेक वेळा, मधे थोडं गार होऊ देत. सड्यावरचा रस्ता त्यासाठी बांधल्यासारखाच. सरळ, ओसाड, दोन्हीकडे पिवळं पडत चाललेलं गवत आणि काळा पडलेला जांभा. संध्याकाळी निघालो, काका शेजारी. पहिल्या ब्रेकला ते पुढे झुकले आणि इकडे तिकडे बघू लागले. काय आडवं आलं? दुसऱ्याला माझ्याकडे बघितलं. तिसऱ्याला म्हणाले, "उगाच कित्याक मारतंस?" त्यांना ते खरोखर सहन होत नव्हतं. रस्त्यावर काही नसताना ब्रेक मारणं म्हणजे जेवण झाल्यावर ताटात पुन्हा वाढून ते टाकून देणं. मग वास आला. नव्या पॅडमधलं राळेसारखं जे असतं ते पहिल्यांदा तापताना जळतं, तसा तो तिखट वास गाडीत भरला, आणि काकांनी दरवाज्याचं हँडल धरलं. "वास इलो! थांब!" मी म्हटलं, काका, आज वास यायलाच हवा. वास आला नाही तर काम झालं नाही. त्यांनी काच खाली केली, डोकं बाहेर काढलं आणि सड्याच्या टोकापर्यंत तसेच बसून राहिले. मी शेवटची फेरी त्यांना चालवायला दिली. त्यांनी पन्नास गाठले, खूण सांगितली तिथे पाय उचलला, गिअर खाली घेतला, आणि गाडी दहावर आणली. ब्रेक न मारता. मग माझ्याकडे बघून म्हणाले, "दहावर इली मां?"

जुन्या डिस्क भंगारवाल्याने हातोडीने वाजवून बघितल्या आणि बिडाचा भाव सांगितला, जो लोखंडाच्या भावापेक्षा कमी होता. काकांनी त्याच्याशी अर्धा तास हुज्जत घातली आणि शेवटी विकल्याच नाहीत. एक त्यांच्या लाकडांवरच्या ताडपत्रीवर वजन म्हणून आहे. दुसरी कुणीतरी होडीच्या दोरीला बांधायला नेली.

दिवाळीत पलीकडच्या घरचा मुंबईकर आला. त्याची गाडी वर्षभर गावातच असते, वर रंगीत कव्हर, टायरमधली हवा गेलेली. तो कव्हर काढत असताना काका मागच्या चाकाशी उभे होते, हात पाठीशी बांधून. मी कुंपणापलीकडून ऐकत होतो. "हल्लीच्या गाडयेक चार चाकांक डिस्क. उबी रवली काय गंज धरता. आठवड्यातसून एकदा सड्यार न्हेवन ब्रेक मारूक व्हयो. वास येईसर." मुंबईकराने विचारलं, हे कुठे वाचलंत काका? "वाचूक कित्याक व्हया? एस.टी.त पयल्या दिवसाक शिकवलेला." मुंबईकराने मान डोलावली, मोबाइलमध्ये काहीतरी लिहून घेतलं, आणि मग विचारलं, आणि घाटात पण मारायचा का?

"घाटात मारलंस," काका म्हणाले, "तर माका आदी खाली उतरव."